आपले गाणे सापडले

मला गाता येत नाही हे घरच्यांनी मला कधी सांगितलं नव्हतं. ते मला कळलं धुळ्यात, एका कॅसेटच्या दुकानात, तीन-चार गिऱ्हाइकांच्या देखत.

नोकरीला लागून मी नुकताच जामनेरहून धुळ्याला आलो होतो. एस.टी.त कुणाच्या तरी ट्रान्झिस्टरवर एक गाणं कानावर पडलं आणि डोक्यातून जाईना. शब्द आठवत नव्हते, सिनेमा माहीत नव्हता. ऑफिसात विचारलं तर सगळ्यांचं उत्तर एकच, "समोर नानांकडे जा. फक्त गुणगुणायची तयारी ठेव."

मी गेलो. काउंटरमागे पन्नाशीचे, हडकुळे, पांढऱ्या पायजम्यावर खाकी शर्ट घातलेले एक गृहस्थ बसले होते. मी अडचण सांगितली. त्यांनी हातातलं काम बाजूला ठेवलं, डोळे मिटले आणि "म्हणा" म्हणाले. मी इकडेतिकडे बघत, आवाज शक्य तितका लहान करून गुणगुणलो.

"हाई ते नही," नाना म्हणाले.

"अहो, पण कोणतं ते मी अजून सांगितलंच नाही!"

"तेच सांगी राहिनू भाऊ. तुम्ही जे म्हणी राहिनात ते गानंच नही. परत म्हणा."

दुसऱ्यांदा म्हटलं. "नही. पाढा म्हणू नका, गानं म्हणा." तिसऱ्यांदा बाकावर बसलेल्या बाई पदर तोंडाला लावून हसल्या. चौथ्यांदा मधेच कुठेतरी, माझं मलाही न कळता, दोन सूर जागेवर पडले असावेत. कारण नानांचा उजवा हात आपोआप वर गेला आणि त्यांनी आपल्या कानाची पाळी चिमटीत धरली. मग डोळे उघडून ते म्हणाले, "हां. हाई शे." आणि स्टुलावर चढून त्यांनी नेमकी तीच रेकॉर्ड काढली.

कानाची ही चिमटी म्हणजे नानांची पावती. गाणं ओळखलं की हात कानाकडे जायचाच. ओळखलं नसेल तर समोरचा कितीही मोठा माणूस असो, "हाई ते नही, परत म्हणा." एकदा एका वकिलांना त्यांनी अकरा वेळा म्हणायला लावलं आणि शेवटी परत पाठवलं. वकीलसाहेब कंटाळून "चला, तेच असेल, तेच भरा" म्हणत होते, पण नाना ऐकेनात. आपण कानाला हात लावतो हे त्यांचं त्यांना ठाऊकच नव्हतं. मी एकदा सांगितलं तर उखडले, "मी कान धरस? मी काय शाळामा शे का?"

नानांना सगळे नानाच म्हणत. त्यांचं पूर्ण नाव मी एकदाच ऐकलं, आणि ते ज्या कागदावर लिहिलं गेलं त्याच्याखाली माझी सही आहे. त्या सहीचं सांगायचं म्हणूनच मी हे लिहायला बसलोय. पण मला ओळखणारे जाणतात, वाईट गोष्ट सांगायची वेळ आली की मी आधी बराच वेळ दुसरंच बोलत बसतो.

तर दुकान. नानांचं आणि शेजारच्या गादीवाल्याचं मिळून एकच दुकान होतं, मधे फळ्यांची भिंत. पाटीही दोघांत एकच, "येथे भरून मिळेल". डावीकडे गाद्या, उजवीकडे कॅसेटी. दोंडाईच्याच्या एक बाई एकदा उशीची खोळ घेऊन नानांसमोर उभ्या राहिल्या आणि "घट्ट भरा" म्हणाल्या. नानांनी त्यांनाही विचारलं, "आवडीचं काय भरू?" पिंजलेला कापूस फळ्यांच्या फटींतून उडत यायचा आणि टेपच्या हेडवर बसायचा. त्यावरून दोघांची रोज वादावादी चाले, आणि हेड पुसायला नाना कापूस मागून आणायचे तो गादीवाल्याकडूनच.

कॅसेट भरण्याचे त्यांचे कायदे होते. साठ मिनिटांची कॅसेट साठ मिनिटांतच भरायची. शहरात तोवर दुप्पट वेगानं भरून देणारी यंत्रं आली होती. नाना त्यांना "पळणारा डबा" म्हणत. कॅसेट भरताना ते स्वतः ती पूर्ण ऐकत. गिऱ्हाइकानं आणलेल्या यादीचा क्रम त्यांनी कधीच पाळला नाही. "ही दोन गानी शेजारी ऱ्हावाव नहीत, भांडतीन," असं म्हणून मधे तिसरंच टाकत. सुरुवातीला थोडी रीळ कोरी सोडत. कुणी विचारलं की म्हणत, "ताटावर बठताच घास कोंबतस का? जरा बठू द्या." मोटार झिजू नये म्हणून कॅसेट मागे न्यायची ती पेन्सिल घालून हातानं, आणि हे काम बाकावर बसलेल्या गिऱ्हाइकांनाही वाटून दिलेलं असे. मामलेदार कचेरीतले अव्वल कारकून पेन्सिल फिरवत बसलेले मी पाहिले आहेत.

त्यांच्या खणात गुलाबी नेलपॉलिशची बाटली असायची. नानांचं लग्न झालेलं नव्हतं, त्यामुळे या बाटलीबद्दल गल्लीत बरीच चर्चा होती. तुटलेली रीळ जोडायला ते ती वापरत. टोकाला टोक भिडवायचं, थेंब लावायचा, फुंकर घालायची. हे खरं कारण कळल्यावर गल्लीची फार निराशा झाली.

आता माझा मुलगा फोन वर धरतो आणि फोन गाण्याचं नाव सांगतो. तेव्हा गाणं ऐकायच्या आधी ते सापडावं लागे आणि सापडायला माणूस लागे. रेडिओवर एकदा वाजून गेलेलं गाणं पुन्हा कधी वाजेल याचा भरवसा नसे. म्हणून नानांनी एक वही केली होती. जे गाणं त्यांच्याकडे नसेल ते त्या वहीत जायचं. गिऱ्हाइकाचं नाव, गाव, आणि गाण्याबद्दल जे काही माहीत असेल ते. "जामनेर. मधे बासरी. मामाच्या लग्नात वाजले होते." "शहादा. बाई रडत गाते, पण गाणे दुःखाचे नाही." नाना दुकानात रेडिओ लावून, बोट टेपच्या बटणावर ठेवून बसत. गाणं हाती लागलं की वहीतल्या नोंदीपुढे लाल शाईनं "सापडले" लिहीत आणि त्याच दिवशी पोस्टकार्ड टाकत. मजकूर ठरलेला, आणि कार्डावर नाना पुस्तकी मराठी लिहीत: "आपले गाणे सापडले. कोरी कॅसेट घेऊन यावे."

चार-चार वर्षांनीही ती कार्डं जात. माणूस गाणं विसरून गेलेला असायचा, कधी माणूसच गेलेला असायचा. पण खात्री झाल्याशिवाय "सापडले" लिहायचं नाही, हा नेम.

"इतकी गाणी तुम्हाला पाठ तरी कशी?" मी एकदा विचारलं.

"पाठ एक बी नही. माले गानं याद ऱ्हास नही भाऊ. समोर उनं का मातर ओळखस." आणि हे अक्षरशः खरं होतं. नाना स्वतः कधी गुणगुणत नसत. आधी वीस वर्षं त्यांनी लग्नाकार्यांत लाऊडस्पीकर लावले होते, तिथेही दुसऱ्यांचीच गाणी वाजवली.

काही गाणी कुठल्याच कंपनीच्या रेकॉर्डवर नसत. चाळीसगावचे एक शिक्षक आले होते. त्यांचे वडील बाबासाहेबांच्या जयंतीला एक गाणं म्हणत, त्याची दीड ओळ त्यांना येत होती. वडील वारले होते. नानांनी दीड ओळ वहीत लिहून घेतली आणि पुढची दोन वर्षं चाळीसगावकडून येणाऱ्या प्रत्येकाला ती ऐकायला लावली. शेवटी पत्ता लागला तो एका खेड्यातल्या, त्यांच्याच वडिलांच्या साथीला डफ वाजवणाऱ्या म्हाताऱ्याचा. नाना टेप खांद्याला अडकवून तिकडे गेले आणि गाणं भरून आणलं. गुरुजी कार्ड मिळताच आले. गाणं संपेपर्यंत ते उभेच होते. बसा म्हटलं तरी बसले नाहीत.

अशा घरोघर जाऊन भरलेल्या दहा-बारा कॅसेटी नानांकडे होत्या. त्यांच्यावर वायरमनची लाल चिकटपट्टी लावलेली असे आणि दोन्ही कान तोडलेले असत. कॅसेटच्या पाठीला प्लास्टिकचे दोन बारीक कान असतात. ते तोडले की तिच्यावर पुन्हा दुसरं काही भरता येत नाही. लाल पट्टीच्या कॅसेटी लाकडी पेटीत, वेगळ्या. त्यांतली एक होती अक्काची.

अक्का म्हणजे नानांची थोरली बहीण. बालविधवा. आई गेल्यावर तिनंच नानांना वाढवलं आणि दोघं एकत्रच राहिली. श्रावणात आमच्या खानदेशात घरोघर कानबाई बसते. नारळाला नथ, मंगळसूत्र घालून चौरंगावर बसवायची, रविवारी रात्र जागवायची, सोमवारी बोळवायची. त्या रात्री अक्का गायची. तिची चाल तिच्या आईकडून आलेली. गल्लीतल्या बायांची चाल निराळी होती, त्यामुळे अक्का दार लावून एकटीच गायची, ऐकायला फक्त नाना. नानांनी टेप पुढे केला की भडकायची, "त्या डबडाले मना आवाज काबर देऊ?" एका श्रावणात नानांनी टेप कणगीमागे लपवून ठेवला आणि तिचं गाणं भरून घेतलं. त्याच हिवाळ्यात अक्का गेली.

पुढच्या श्रावणात नानांनी एकट्यानं कानबाई बसवली आणि मला बोलावलं. माझी बायको तेव्हा माहेरी होती. मी गेलो तर समोर चौरंग, समई आणि चौरंगाशेजारी टेप. नानांनी बटण दाबलं. आधी थोडी खरखर, भांड्याचा आवाज, कुणाचं तरी खोकणं, आणि मग तो आवाज. जाड, थोडा फाटलेला, घाई नसलेला. नानांचा हात कानाच्या पाळीवर होता तो गाणं संपेपर्यंत खाली आला नाही. त्यांचे डोळे गळत होते. माझेही भरून आले, हे खोटं नाही.

"याची एक नक्कल करून ठेवा नाना," मी म्हणालो.

"नक्कल करी का आवाज पातळ व्हस. अक्काना आवाज मी पातळ करावाव नही."

मग त्यांनी माझ्यापुढे ताट ठेवलं. ताटात कानबाईचा रोट होता. मी चपापलो. रोट बाहेरच्याला देत नाहीत. घरातल्या एकेका पुरुषाच्या नावानं मुठी मोजून गहू घेतात, ते दळतात आणि घरच्यांनीच संपवतात. माझ्या घरीही तसंच. मी म्हटलं, "नाना, हा मला कसा चालेल?"

"गहू मोजतावखत तुम्हना नावन्या मुठी घाली दिन्यात," नाना म्हणाले. "आज तुम्ही घरना."

मी रोट खाल्ला. दोनदा वाढून घेतला.

पुढच्या वैशाखातली गोष्ट. सकाळी अकराच्या सुमाराला साहेबांनी मला आत बोलावलं. "पोलिसांना पंच हवाय. सरकारी माणूस द्या म्हणतात. जा, सही करून ये, अर्ध्या तासाचं काम आहे." धाड कुठे ते मला रस्ता ओलांडल्यावर कळलं. मुंबईच्या एका कॅसेट कंपनीचा माणूस फौजदारांना घेऊन आला होता. विनापरवाना गाणी भरून विकल्याची तक्रार. कायद्यानं ती खरीच होती. सगळीकडे तेच चालायचं, कुणाला त्यात गुन्हा वाटत नसे.

त्या वेळीच मी म्हणायला हवं होतं, की मी या माणसाला ओळखतो, दुसरा पंच बघा. मी म्हणालो नाही. नोकरीत कायम झाल्याची ऑर्डर साहेबांच्या टेबलावर सहीला होती, आणि माझ्या घरच्या कपाटात नानांनी भरलेल्या दोन रांगा कॅसेटी होत्या. मला वाटलं, ओळखतो म्हटलं की पुढचा प्रश्न माझ्या कपाटाचा येणार. दुसरा पंच शिंदखेड्याकडचा एक प्रवासी होता. बिचारा गाडीची वाट बघत उभा होता तर त्याला धरून आणलं होतं.

नाना स्टुलावर बसले होते. मला बघून म्हणाले, "या भाऊ," आणि जरा सरकून बसले.

पंचनामा सुरू झाला. फौजदार सांगत होते, हवालदार लिहीत होता. नाना अमुक अमुक, वय अमुक, राहणार धुळे, यांच्या दुकानात खालील माल मिळून आला. टेप दोन्ही गोणपाटात बांधून, दोरीला लाख लावून सील झाले. मग कॅसेटी गोणीत जाऊ लागल्या. हवालदाराचा हात लाकडी पेटीकडे गेला तसे नाना उठले.

"साहेब, या लाल पट्टीच्या तेवढ्या सोडा. या कुणाची नक्कल नाहीत. घरोघर जाऊन भरलेल्या आहेत. ही एक तर माझ्या बहिणीची आहे."

"कशावरून?"

"ऐका ना साहेब. आत्ता लावून दाखवतो."

"टेपला सील झालंय. आता ते कोण फोडणार?" फौजदार म्हणाले. माणूस काही वाईट नव्हता. पेटीकडे बघून, जरा थांबून त्यांनी विचारलं, "दुसरं कोणी सांगणारं आहे का? असेल तर बाजूला ठेवू, माझी ना नाही."

नाना माझ्याकडे वळले. तोवर आवळलेला त्यांचा चेहरा मला बघून एकदम सैल झाला. "ह्या भाऊले इचारा. तेस्नी ऐकेल शे. तेस्ले बठ्ठं माहीत शे."

फौजदारांनी माझ्याकडे पाहिलं. "काय हो, तुम्ही ओळखता यांना?"

मी म्हणालो, "नाही."

एवढ्यावर तरी थांबायचं. पण माझ्या तोंडून पुढेही निघालं, "समोरच ऑफिस आहे, म्हणून पाहून माहीत."

 नाना परत स्टुलावर जाऊन बसले. पेटी गोणीत रिकामी झाली. फळ्यांच्या भिंतीपाशी गादीवाला हातात दांडकं घेऊन उभा होता. तो माझ्याकडे बघत राहिला. मी सही केली. हवालदारानं तारीख घालायला सांगितली, ती घातली. ऑफिसात परत आलो तेव्हा माझा चहा टेबलावर झाकून ठेवलेला होता. तो मी प्यालो.

गोणी सरकारी गोदामात गेली. गोदामाला पत्र्याचं छत आणि धुळ्याचा उन्हाळा. दोन वर्षांनी निकाल लागून ती परत मिळाली तेव्हा रिळा वितळून एकमेकींना चिकटल्या होत्या. हे मला दुसऱ्यांकडून समजलं. विचारायला मी गेलो नव्हतो.

धाडीनंतर मी ऑफिसच्या मागच्या फाटकानं जाऊ-येऊ लागलो. स्वतःला खूप समजावलं. मी हो म्हटलं असतं तरी फौजदारांनी ऐकलं असतं कशावरून? कंपनीचा माणूस अडून बसला असता. पंच तटस्थच असायला हवा. ही सगळी वाक्यं मी मनात इतक्या वेळा म्हटली आहेत की ती मला पाढ्यासारखी पाठ आहेत. ऑर्डर आली, मी कायम झालो, ऑफिसात पेढे वाटले. एकदा गादी भरायला द्यायची होती म्हणून बायकोच्या आग्रहावरून गादीवाल्याकडे गेलो. तो म्हणाला, "कापूस संपलाय." मागे छतापर्यंत ढीग लागलेला दिसत होता. मी बरं म्हणून परत आलो आणि बायकोला दुकान बंद होतं असं सांगितलं.

नाना त्या दुकानात आता मिक्सर आणि इस्त्र्या दुरुस्त करत. रस्त्यात दिसले तर "या भाऊ" म्हणत, अगदी पूर्वीसारखं. ते "या भाऊ" ऐकलं की मी घड्याळाकडे बघत पुढे निघे. त्यांनी शिवी दिली असती तर मी कदाचित माफी तरी मागितली असती. की तीही नसती मागितली, कोण जाणे.

मग त्याच वर्षीचा श्रावण आला. कानबाईच्या आदल्या दिवशी, शनिवारी दुपारी, दार वाजलं. बायकोनं उघडलं. दारात नाना, बगलेत ती वही.

"या ना नाना, किती दिवसांनी!" ती म्हणाली. मी आतल्या खोलीतच थांबलो असतो, पण तिनं हाक मारली. नाना खुर्चीच्या कडेवर बसले. ती चहा ठेवायला जाता जाता म्हणाली, "नाना, आम्हाला फार वाईट वाटलं हो. यांचं ऑफिस समोरच, तर मी म्हटलं यांना, तुम्ही काही सांगून बघायचं होतंत."

मी जमिनीकडे बघत होतो. नाना म्हणाले, "भाऊ काय करतीन ताई. तेस्ना हातमा काय व्हतं?"

ती आत गेली. तिला अजूनही माहीत नाही. हे छापून आलं तर तिला इथेच कळेल.

नानांनी खिशातून चौघडी केलेला कागद काढला. अक्काच्या गाण्याचे शब्द होते, नानांच्या अक्षरात. "बोल लिखेल शेतस," ते म्हणाले. "चाल गई. तीन महिना झायात, डोकं खाजाडी राहिनू. माले याद ऱ्हास नही, तुम्हले ते माहीतच शे." त्यांनी वही मांडीवर उघडली. नव्या पानावर नोंद आधीच केलेली होती. नाव स्वतःचं, गाव धुळे, आणि पुढे, "बहिणीची चाल. माझ्याशिवाय एकाच माणसाने ऐकली आहे."

"उद्या कानबाई बठाडानी शे. मुक्यानं कशी बठाडू? तुम्ही म्हणा भाऊ. मी ओळखी लेसू."

त्या वहीपुढे आजवर खानदेशातली किती माणसं उभी राहून गायली होती. आता स्वतः नाना गिऱ्हाईक होऊन माझ्यासमोर बसले होते, आणि गाणं शोधून द्यायचं होतं मी. त्यांनी डोळे मिटले.

मी म्हणायला लागलो. अक्काचा आवाज मला आठवत होता, खोकला आठवत होता, भांड्याचा आवाज आठवत होता. चाल येत नव्हती. पहिल्याच ओळीला कळलं, हे ते नाही. मी थांबलो, पुन्हा सुरू केलं.  दुसऱ्यांदा तर ती चाल कुठल्याशा आरतीच्या अंगावर गेली. मी "हाई ते नही"ची वाट बघत होतो. मला ते ऐकायचं होतं. त्यांनी मला अकरा वेळा, पन्नास वेळा म्हणायला लावावं, चाल येईपर्यंत रोज बोलावून समोर उभं करावं, असं मला फार वाटत होतं.

तिसऱ्यांदा म्हणताना माझा आवाज फुटला आणि मला रडू आलं. मी म्हणालो, "नाना, मी त्या दिवशी..."

नानांनी डोळे उघडले. "हां," ते घाईनं म्हणाले. "हाई शे. हाईच शे."

त्यांनी लाल पेन काढलं, नोंदीपुढे "सापडले" असं लिहिलं, पेनला टोपण घातलं आणि वही मिटली. बायको चहा घेऊन आली. त्यांनी तो बशीत ओतून प्यायला आणि उठले. दारात चपला घालताना म्हणाले, "उद्या या भाऊ. गहू मोजेल शेतस. तुम्हना नावना बी."

ते जिना उतरू लागले. मी वरून बघत होतो. त्यांचा डावा हात वहीवर होता आणि उजवा नुसता लोंबत होता. ते रस्त्यावर पोचले, वळले, गल्लीच्या तोंडाशी दिसेनासे झाले. तोपर्यंत तो हात एकदाही कानाकडे गेला नाही.